घोरपडीचं कातडं

पैलवान हिंदुराव बंगल्याच्या दिवाणखान्यात उताणा पडला होता आणि आण्णा त्याच्याशेजारी गुडघे टेकून कात्रीनं त्याच्या छातीवरचं कातडं उभं कापत होते. आतून हिंदुराव 'सोडवा, सोडवा' म्हणत असणार, पण तोंडावर घोरपडीचं डोकं असल्यामुळे बाहेर नुसतं घूं घूं ऐकू येत होतं. कॅमेऱ्याशेजारी उभ्या असलेल्या कुराडेसाहेबांना तो आवाज इतका आवडला, की त्यांनी कॅमेरामन मुजावरचाचांना हळूच विचारलं, "हे घेतलं का?"

"मालक, माणूस मरायला लागलाय," चाचा म्हणाले.

ही एकोणीसशे नव्वदच्या फेब्रुवारीतली गोष्ट. मी तेव्हा तेवीस वर्षांची होते. कोल्हापुरात शाहूपुरीत आमचं टेलरिंगचं दुकान होतं. आण्णा, म्हणजे माझे वडील, बँडवाल्यांचे युनिफॉर्म शिवायचे, शाळांच्या गॅदरिंगसाठी मावळ्यांचे अंगरखे शिवायचे. एकदा एका सर्कशीतल्या अस्वलाला त्यांनी जाकीट शिवून दिलं होतं. ते ऐकूनच कुराडेसाहेब आमच्या दुकानाची पायरी चढले होते. ज्यानं अस्वलाला शिवलं त्याला घोरपड काय जड आहे, असं त्यांचं म्हणणं.

कुराडेसाहेबांचा गडहिंग्लजला फोटो स्टुडिओ होता. वीस वर्षं लोकांच्या लग्नात फोटो काढून त्यांना लग्नाचा वीट आला होता आणि आता त्यांना लोकांना घाबरवायचं होतं. त्यांच्या पिक्चरचं नाव 'बिळातला हैवान'. ओसाड बंगला, त्याच्या तळघरात एक बीळ, त्या बिळात अर्धा माणूस आणि अर्धी घोरपड असलेलं एक जनावर. बंगल्यात राहायला येईल त्याला ते खातं. का खातं, असं विचारलं तर साहेब म्हणायचे, भूक लागते म्हणून. एवढ्यावर सगळी कथा उभी होती.

कातडं शिवायला आण्णांना आणि मला तीन आठवडे लागले. गादीतला चार इंची फोम, त्यावर काळं रेक्झिन, आणि रेक्झिनवर सायकलच्या जुन्या ट्यूबचे गोल तुकडे, एकावर एक, खवल्यांसारखे. डोळ्यांच्या जागी सायकलच्या मागचे लाल रिफ्लेक्टर. दात प्लॅस्टरचे. शेपूट साडेचार फुटांची, आत भरलं तर माणूस मागे ओढला जातो म्हणून पोकळ ठेवलेली. मापं हिंदुरावची घेतली होती. सहा फूट उंच माणूस, जत्रेतल्या कुस्त्या मारलेला. तो लहानपणी विहिरीत पडला होता आणि तेव्हापासून बंद जागेत त्याच्या छातीत गोळा येतो, हे मात्र त्यानं मापं देताना कुणाला सांगितलं नाही.

कातड्यातून बाहेर आल्यावर तो भिंतीला टेकून बराच वेळ नुसता श्वास घेत बसला. मग मान खाली घालून म्हणाला, "साहेब, दुसरं काय बी सांगा. दगड फोडतो. हे माज्यानं न्हाई व्हायचं."

त्याच्यावर कुणी चिडलं नाही. पण प्रश्न होता तो होताच. कातडं सहा फुटी माणसाचं होतं. हीरो त्यात शिरला तर त्याच्या गुडघ्यांशी वळ्या पडत होत्या. कुराडेसाहेब तर त्यात हरवलेच असते. असं करत करत सगळ्यांच्या नजरा माझ्यावर आल्या. मी आण्णांबरोबर टाके घालायला आले होते.

माझी उंची पाच फूट अकरा इंच. आई स्थळांना पाच सात सांगायची, आणि मुलाकडची मंडळी यायच्या आधीच मला खुर्चीत बसवून ठेवायची. चहा देण्याचं काम मावसबहिणीकडे असायचं. येत्या रविवारीच निपाणीचं एक स्थळ यायचं होतं आणि आईनं त्यासाठी चपटी चप्पलसुद्धा आणून ठेवली होती.

आण्णा नको म्हणाले. मी हो म्हणाले. अर्ध्या तासात त्यांनी छातीवर लांब चेन बसवून दिली आणि मी घोरपड झाले.

हा बंगला कापशीच्या पलीकडे डोंगराच्या उतारावर होता. तंबाखूच्या एका व्यापाऱ्यानं हौसेनं बांधलेला. त्याची मुलं बेळगावला जाऊन कोर्टात भांडत बसली आणि बंगला अठरा वर्षं रिकामा राहिला. लोकांनी दारं काढून नेली होती, फरशा उचकटल्या होत्या. रात्री तिथं थांबायला युनिटमधला एकही माणूस तयार नव्हता, त्यामुळे पिक्चरमधली सगळी रात्र आम्ही सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच अशी घेत होतो. खिडक्यांना काळं कापड लावायचं आणि जनरेटर सुरू करायचा. बाहेर शेतात लोक ऊस तोडत असायचे आणि आत हिरोइन कंदील घेऊन 'कोण आहे तिकडे' म्हणत फिरायची.

मला त्या कातड्यात मजा वाटायला लागली. घाम खूप यायचा आणि दिसायचं फक्त जबड्याच्या फटीतून, पण पाय आपटत निघाले की माणसं आपोआप बाजूला व्हायची. एकच अडचण होती. शेपटीमुळे बसता येत नव्हतं. दोन शॉटच्या मधे दिवे हलवायला अर्धा-पाऊण तास जायचा आणि तेवढा वेळ मी बंगल्यात टेकायला भिंत शोधत फिरायचे.

जेवण रोज कापशीहून दुरडीतून यायचं. भाकरी, झुणका, कांदा. पहिल्या दिवशी दोन भाकरी कमी पडल्या. दुसऱ्या दिवशी चार. कुणी जास्त खाल्ली म्हणून थोडी वादावादी झाली, मग कुणीतरी म्हणालं की बंगल्यात खरंच काहीतरी आहे. हिरोइन घरी जायचं म्हणायला लागली. कुराडेसाहेब मात्र खूश होते. संध्याकाळी कापशीच्या चहाच्या टपरीवर उभं राहून त्यांनी दहा जणांना सांगितलं की त्या बंगल्यातलं भूत भाकरी खातं. पिक्चरची जाहिरात आत्तापासूनच सुरू झाली, असा त्यांचा हिशेब.

तिसऱ्या दिवशी दुपारी मी अशीच टेकायला जागा शोधत मागच्या बोळातून शेवटच्या खोलीकडे गेले. पूर्वी तिथं तंबाखू साठवायचे. वास अजून होता. मी आत पाऊल टाकलं आणि फटीतून पाहिलं तर कोपऱ्यात एक बाई भिंतीला पाठ लावून बसली होती. हातात आमची भाकरी.

आपल्या अंगावर काय आहे हे मी विसरूनच गेले होते. तिनं मला डोक्यापासून शेपटीपर्यंत पाहिलं. तोंडातला घास कसाबसा गिळला आणि अगदी हळू आवाजात विचारलं, "त्यांनी धाडलंय व्हय तुमाला?"

मी डोकं काढलं. घाईघाईनं माझं नाव सांगितलं.

ती मालन. डोंगरापलीकडच्या गावात दिलेली, लग्नाला पाच वर्षं झालेली. वय माझ्याएवढंच असेल. डावा हात मनगटापासून कोपरापर्यंत सुजलेला होता आणि त्यावर लुगड्याची चिंधी गुंडाळली होती. नवरा मारायचा. का मारायचा, ते तिनं सांगितलं नाही आणि मी विचारलंही नाही. दोनदा ती माहेरी गेली होती आणि दोन्ही वेळा भावानं तिला सायकलवर बसवून परत नेऊन सोडलं होतं. तिसऱ्या वेळी ती माहेरी गेलीच नाही. ह्या बंगल्याकडे कुणी फिरकत नाही हे ठाऊक होतं म्हणून इथं आली. पाच दिवस पाण्यावर आणि बोरांवर काढले, तेवढ्यात आम्ही चौदा माणसं दिवे घेऊन येऊन थडकलो.

"कुणाला सांगू नगासा," एवढंच ती पुन्हा पुन्हा म्हणत राहिली.

मी कुणाला सांगणार नाही असं कबूल केलं आणि परतताना टेम्पोत आण्णांना सांगितलं. त्यांना सांगणं म्हणजे कुणाला सांगणं असं मला वाटलं नाही. कागल आल्यावर आण्णा म्हणाले, जेवली होती का ती. बस, तेवढंच.

दुसऱ्या दिवशी त्यांच्या शिलाईच्या पिशवीत मलम होतं, पांढऱ्या कापडाची नीट कापलेली पट्टी होती आणि आईनं न विचारता बांधून दिलेल्या चार जास्तीच्या भाकऱ्या होत्या. मला कातडं चढवताना त्यांनी ते सगळं गुपचूप शेपटीत सारलं आणि वरून हूक लावला. दुपारी मी मालनचा हात बांधला. तिच्यासाठी पुढं काय करायचं हे मला माहीत नव्हतं. शूटिंग अजून पाच दिवस होतं, तेवढे दिवस तिला जेवण मिळेल, इतकाच विचार मी केला होता.

पण भाकरी खाणाऱ्या भुताची गोष्ट टपरीवरून निघून डोंगरापलीकडे पोचली होती. ज्याला समजायचं त्याला ती बरोबर समजली.

शुक्रवारी अकराच्या सुमाराला दोन माणसं मोटरसायकलवरून आली. पांढरे स्वच्छ शर्ट, पायात चामडी चपला. धाकटा पुढे झाला. तो बळवंत, मालनचा नवरा. बोलायला अगदी मऊ होता. आमची मंडळी घरातून निघून गेली आहे, तिचं डोकं जरा फिरल्यासारखं झालंय, कुठं विहिरीबिहिरीत जीव द्यायची, तेवढं घर बघून घेतो, असं त्यानं हात जोडून सांगितलं. कुराडेसाहेबांना ह्यातलं काहीच ठाऊक नव्हतं. ते कळवळून म्हणाले, बघा की, फक्त वायरींवर पाय देऊ नका.

मी तेव्हा पूर्ण वेशात बोळाच्या तोंडाशी शॉटची वाट बघत उभी होते. फटीतून मला ते दोघे येताना दिसले. मी बोळाच्या चौकटीत जाऊन उभी राहिले. ठरवून नाही. पाय तिकडे गेले.

मला वाटलं होतं ते दचकतील. मला बघून बळवंत हसला. त्याचा भाऊही हसला. बळवंतनं घोरपडीच्या नाकावर टिचकी मारली, दात हलवून पाहिले आणि भावाला म्हणाला, "ह्ये बघ, कसलं येडं सोंग हाय." मग त्यानं मागे हात घालून गमतीनं शेपूट ओढली.

हूक तुटला. दोन भाकरी, एक कांदा आणि फडक्यात बांधलेली चटणी फरशीवर पडली.

तो त्या भाकरीकडे बघत राहिला. हसू कुठल्याकुठं गेलं. आता चौकटीमागे काय आहे हे त्याला ठाऊक होतं आणि ते त्याला ठाऊक झालंय हे मलाही कळलं होतं. त्या डोक्याच्या आत उभं राहण्यात काही अर्थ उरला नव्हता. मी ते काढून खाली ठेवलं. केस घामानं कपाळाला चिकटले होते, चेहरा लालबुंद झाला असणार. वीतभर अंतरावर तो होता आणि त्याला माझ्याकडे मान वर करून बघावं लागत होतं.

"बाजूला व्हा बाई," तो म्हणाला. आवाज अजून मऊच.

"नाही."

"माझी बायको हाय ती."

"असेल."

"तुमी कोण त्यात पडणाऱ्या?"

मी ना तिची बहीण, ना मैत्रीण. तोंडात आलं ते बोलले. "ह्या घरात सध्या मी राहते. मी सांगते म्हणून तू आत जायचं नाहीस."

त्यानं दोन्ही हातांनी मला ढकललं. चार इंच फोम मधे होता. मला लागलं काहीच नाही, आणि मी हललेही नाही. त्यानं पुन्हा, ह्या वेळी खांदा लावून, जोर केला. आजवर त्यानं ज्यांना ज्यांना ढकललं होतं ती माणसं पडली असावीत, कारण मी उभीच आहे म्हटल्यावर त्याचा चेहरा एकदम गोंधळलेल्या माणसासारखा झाला. मला तो चेहरा अजून दिसतो. भीती नव्हती ती. पुढे काय करायचं असतं हेच त्याला माहीत नव्हतं.

तेवढ्यात आण्णा आले. ते पाच फूट तीन. माझ्या कोपराशी येऊन उभे राहिले. हातात सवयीनं कात्री होती, पण ती त्यांनी त्याला दाखवायला धरली नव्हती. आयुष्यात आण्णांनी कुणाशी आवाज चढवून बोललेलं मी ऐकलं नव्हतं, आणि त्या दिवशीही त्यांनी चढवला नाही.

"ही माझी मुलगी आहे," ते म्हणाले. "आणि आत आहे तिला मी आज कोल्हापूरला घेऊन चाललोय. तुम्हाला काय बोलायचं ते चार माणसांसमोर, पोलीस ठाण्यात येऊन बोला."

हे त्यांनी कधी ठरवलं होतं ते मला आजही माहीत नाही. मला काही बोलले नव्हते.

मोठा भाऊ पुढे सरकला. तेव्हा भिंतीजवळचा हिंदुराव उठला. कातड्यातून बाहेर आल्यापासून तो मान वर करून कुणाशी बोलला नव्हता. तो आला आणि आण्णांच्या दुसऱ्या बाजूला उभा राहिला. त्या अरुंद बोळात आता वाराही शिरला नसता. मुजावरचाचांनी मोठा दिवा फिरवून सरळ त्या दोघांच्या तोंडावर टाकला आणि शांतपणे म्हणाले, "जरा मोठ्यानं बोला दादा. कॅमेरा चालू हाय."

दोघं थोडा वेळ डोळे बारीक करून उभे राहिले. मग बळवंतनं पायानं ती भाकरी बाजूला उडवली, एक शिवी दिली आणि ते गेले. मोटरसायकल उतारावरून जाताना बराच वेळ ऐकू येत होती. ती ऐकू यायची थांबल्यावर मला एकदम खाली बसावंसं वाटलं, पण शेपटीमुळे बसताही येईना. शेवटी हिंदुरावनं मला धरून ठेवलं.

कुराडेसाहेबांना सगळं समजायला थोडा वेळ लागला. समजल्यावर ते मटकन खुर्चीत बसले. आपणच टपरीवर बोललो हे त्यांच्या लक्षात आलं होतं. त्या दिवशी शेवटची मारामारी घ्यायची होती, हीरोची तारीख पुन्हा मिळणार नव्हती. ते उठले आणि म्हणाले, "पॅक-अप. टेम्पो काढा, ती दोघं परत यायच्या आत बाईंना घेऊन निघा." मारामारी मग पिक्चरमध्ये आलीच नाही. हैवान शेवटी बिळात आपोआप निघून जातो. समीक्षक बघायला गेले असते तर त्यांनी त्याचाही काहीतरी अर्थ लावला असता.

आईनं दारात मालनला पाहिलं, तिच्या हाताकडे पाहिलं, मग माझ्या अंगावर अजून अर्धं उरलेल्या घोरपडीकडे पाहिलं. काही न विचारता ती आत गेली आणि पाणी तापवायला ठेवलं.

मालन दुकानाच्या पोटमाळ्यावर राहायला लागली. बळवंत एकदा आला, पण तोवर ठाण्यात लेखी तक्रार झाली होती आणि एक वकीलबाई गाठून दिल्या होत्या. कोर्टात अडीच वर्षं गेली, पण ती सुटली. हात बरा झाल्यावर ती मशीनवर बसली. टीप सरळ घालायला ती माझ्याहून लवकर शिकली.

निपाणीचं स्थळ त्या रविवारी ठरल्याप्रमाणे आलं. त्यांची पावलं जिन्यात वाजली तशी मी खुर्चीतून उठले आणि दार उघडायला मीच गेले. मुलाच्या आईनं उंची विचारली, ती मी सांगितली. त्यांनी पोहे खाल्ले, छान झालेत म्हणाले, आणि गेले. आई चार दिवस माझ्याशी बोलली नाही. पाचव्या दिवशी वर्तमानपत्रातली पोलीस भरतीची जाहिरात तिनंच कापून माझ्या ताटाशेजारी ठेवली. बत्तीस वर्षं मी ती नोकरी केली. मधे लग्नही झालं, पाच फूट सहा इंचांच्या एका भल्या माणसाशी.

'बिळातला हैवान' पुढच्या वर्षी लागला. कोल्हापुरात एकाच थिएटरात, दुपारच्या खेळाला. पहिल्या दिवशी आम्ही सगळे गेलो. आण्णा, आई, मी, मालन, हिंदुराव. कुराडेसाहेब नवा सफारी घालून मागच्या दाराशी उभे होते.

थिएटर निम्मं भरलं होतं आणि ते निम्मं पहिल्या दहा मिनिटांतच हसायला लागलं. हिरोइन कंदील घेऊन निघाली की हशा. दार करकरलं की हशा. पुढच्या रांगेतली कॉलेजची पोरं हैवानाला नावानं हाका मारायला लागली. मी वळून पाहिलं, तर कुराडेसाहेब दाराला टेकले होते आणि त्यांनी सफारीची वरची गुंडी उघडली होती.

मग बोळातून मी आले. लाल रिफ्लेक्टर चमकले, शेपूट सरपटली, सगळं थिएटर खो खो हसलं, आणि त्या हसण्यातून एक किंकाळी उठली. माझ्या शेजारून. मालननं माझं मनगट असं धरलं होतं, की माझ्या दोन बांगड्या फुटल्या.

कुराडेसाहेब बॅटरी घेऊन धावत खाली आले. "कोण ओरडलं? कोण होतं?"

मालननं घाबरत घाबरत शाळेतल्या मुलीसारखा हात वर केला.

"खरंच भ्यालात?" त्यांनी विचारलं.

"व्हय," ती म्हणाली. "लई."

ते बॅटरी विझवून तिथेच, मधल्या वाटेत, पायरीवर बसले आणि उरलेला पिक्चर त्यांनी तिथूनच पाहिला. मालननं पदर तोंडावर घेतला होता आणि त्याच्या कडेवरून ती पडद्याकडे बघत होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी अडीचला तिनं मशीन थांबवलं, अंगावरचे दोरे झटकले आणि आण्णांकडे सुट्टी मागितली. वर्षभरात पहिल्यांदाच. आण्णांनी विचारलं, कुठं निघालीस.

"पिक्चरला," ती म्हणाली. "त्योच. आज एकलीच जाते."